हायसिंथच्या आधीची अडतीस वर्षं

प्रश्न विचारणाऱ्या ताईंचं वय 41. नोकरी सांभाळून दहा-बारा वर्षं राज्य नाट्य स्पर्धेत कामं करतात. आता एका मालिकेत त्यांना खाष्ट काकूची भूमिका विचारली आहे. मधल्या काळात मोबाइलवर 'कीपिंग अप अपिअरन्सेस' या जुन्या ब्रिटिश मालिकेचे तुकडे बघितले आणि त्या हायसिंथ बकेटच्या प्रेमात पडल्या. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: "ही पॅट्रिशिया रूटलेज वयाच्या 61 व्या वर्षी एकदम कुठून उगवली? त्याआधी काय करत होती? आणि एकदा अशी एका बाईची छाप बसली की नट संपतो, हे खरं का?"

मी बत्तीस वर्षं सासू, शेजारीण, मुख्याध्यापिका आणि मोलकरीण करते आहे. नायिका एकदाही केली नाही. त्यामुळे या प्रश्नाला हात घालायचा मला थोडाफार हक्क आहे असं धरून चालू या.

आधी 'एकदम उगवली' हे डोक्यातून काढा. रूटलेज पहिल्यांदा व्यावसायिक रंगमंचावर उभ्या राहिल्या 1952 मध्ये, लिव्हरपूल प्लेहाउसला, शेक्सपिअरच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मधली हिपोलिटा म्हणून. हायसिंथ पडद्यावर आली 29 ऑक्टोबर 1990 ला. मध्ये अडतीस वर्षं आहेत आणि त्यातलं एकही रिकामं बसण्यात गेलेलं नाही. तुम्हाला ज्या गोष्टीचं हसू येतं ना, ती गोष्ट त्या अडतीस वर्षांत जमवलेली आहे. माझ्या उत्तराचा गाभा तेवढाच, बाकी तपशील.

जन्म 17 फेब्रुवारी 1929, बर्कनहेडजवळच्या ट्रॅनमिअरला. मर्सी नदीच्या या काठाला बर्कनहेड, पलीकडे लिव्हरपूल. वडिलांचं पुरुषांच्या कपड्यांचं दुकान. म्हणजे दुकानदाराची मुलगी. गिऱ्हाईक दारात आलं की आवाज कसा बदलायचा, कोणाला किती वाकून बोलायचं, हे जिथं रोज दिसतं अशा घरातली. पुढे लिव्हरपूल विद्यापीठात इंग्रजी साहित्य, मग ब्रिस्टल ओल्ड व्हिकच्या नाट्यशाळेत शिक्षण. आणि गाण्याची रीतसर तालीम. हे शेवटचं नीट लक्षात ठेवा, कारण हायसिंथची निम्मी गंमत गळ्यात आहे.

त्या काळात तिकडे गावोगावी रेपर्टरी थिएटरं होती. एक ठरलेली मंडळी, एक ठरलेलं नाट्यगृह, आणि दर दोन-तीन आठवड्यांनी नवं नाटक. रात्री एकाचा प्रयोग, सकाळी दुसऱ्याची तालीम. विशीतल्या मुलीला एका महिन्यात राणी, पुढच्या महिन्यात म्हातारी दाई, त्याच्या पुढच्या महिन्यात फारशी वाक्यं नसलेली मोलकरीण. आपल्याकडे 'चरित्र अभिनेत्री' हा शब्द बहुतेक वेळा उतरणीसाठी वापरतात, नायिकेचं वय झालं की तिला आई करायची. ब्रिटिश रंगभूमीवर तो पहिल्या दिवसापासूनचा वेगळा धंदा आहे. चेहरा नायिकेचा नाही हे विशीतच मान्य करायचं, आणि मग वय जसं वाढेल तसं काम वाढतं. रूटलेज यांच्या कारकिर्दीचा आलेख म्हणूनच उलटा दिसतो. चाळिशीत कामं कमी व्हायच्या ऐवजी वाढत गेली, साठीत घराघरांत पोचली.

लंडनला त्या 1954 मध्ये 'द ड्युएना' या संगीत नाटकातून गेल्या. 1960 च्या दशकात पुष्कळ संगीतिका. 1961 मध्ये 'कोरोनेशन स्ट्रीट' या ब्रिटिश मालिकेत कॅफे चालवणारी बाई काही भागांपुरती केली. 1967 च्या 'टू सर, विथ लव्ह' या चित्रपटात शाळेतल्या शिक्षिकेचं छोटं काम आहे, तुम्ही पाहिलंही असेल आणि ओळखलं नसेल. चित्रपटाच्या वाटेला त्या फारशा गेल्या नाहीत, मीही तिथे थांबत नाही.

थांबायचं आहे ते न्यूयॉर्कला.

1966 मध्ये एका ब्रिटिश विनोदी नाटकातून त्या ब्रॉडवेवर गेल्या. संगीतकार ज्यूल स्टाइन यांनी त्यांना त्यात पाहिलं, आणि 1968 मध्ये 'डार्लिंग ऑफ द डे' या त्यांच्या नव्या संगीतिकेत मुख्य स्त्री भूमिका दिली. समोर व्हिन्सेंट प्राइस, भयपटांतले. भूमिका पटनीतल्या एका विधवेची, साधीसुधी, व्यवहारी बाई. नाटक पडलं. फक्त 31 प्रयोग. पण त्या 31 प्रयोगांवर रूटलेजना टोनी पुरस्कार मिळाला, लेस्ली उगम्स यांच्याबरोबर विभागून. पडलेल्या नाटकातल्या कामाला तिथला सर्वोच्च मान! ध्वनिमुद्रिका निघाली होती, ती शोधून ऐका. शब्द अन् शब्द कळतो. गाताना त्या बोलत असतात आणि बोलताना गात असतात. आपल्याकडच्या जुन्या संगीत नाटकवाल्यांना ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

आठ वर्षांनी याहून मोठा आपटबार झाला. 1976, 'सिक्स्टीन हंड्रेड पेनसिल्व्हेनिया अव्हेन्यू'. संगीत लेनर्ड बर्नस्टाइनचं, शब्द अ‍ॅलन जे लर्नरचे. ही दोन नावं एकत्र आल्यावर कोणीही डोळे झाकून पैसे लावेल. व्हाइट हाउसमधल्या सुरुवातीच्या राष्ट्राध्यक्षांची आणि त्यांच्या बायकांची गोष्ट, आणि सगळ्या बायका रूटलेज एकट्याच करणार. सात प्रयोगांत पडदा पडला. सात!

पण त्या सातही प्रयोगांत एका गाण्यावर थिएटर डोक्यावर घेतलं गेलं, असं तिथले लोक अजून सांगतात. गाण्याचं नाव 'ड्युएट फॉर वन', एकटीचं द्वंद्वगीत. प्रसंग 1877 चा. जुने राष्ट्राध्यक्ष ग्रँट जात आहेत, नवे हेज येत आहेत. जाणारीण ज्युलिया ग्रँट आणि येणारीण लूसी हेज, दोघी शपथविधीला हजर, दोघींच्या मनात एकमेकींबद्दल काय काय. रंगमंचावर मात्र बाई एकच. ओळीगणिक इकडून तिकडे जायचं. आवाजाची जागा वेगळी, मानेचा कोन वेगळा, श्वास वेगळा. एक खालच्या, जाड सुरात कुरकुरणार, दुसरी वरच्या पट्टीत, सुखाने तरंगणारी. यात वेशभूषेचा आधार असला तरी तो ओळीच्या मधल्या क्षणात पुरत नाही. तिथे गळ्यानंच बाई बदलावी लागते.

आता हायसिंथचा फोन आठवा. दोन बायका एका गळ्यात. वरची बाई 'बुके', खालची बाई 'बकेट'. मराठी वाचकाला हा श्लेष समजावायची गरजच नाही, दोन्ही शब्द आपल्या घरात आहेत: एक समारंभाचा, एक न्हाणीघरातला. नवऱ्याचं आडनाव बकेट, पण ही बाई त्याचा उच्चार फुलांच्या बुकेसारखा करते आणि जगानंही तसाच करावा म्हणून आयुष्य पणाला लावते. पांढरा सडपातळ फोन उचलून ती जे वाक्य म्हणते, त्यात आवाज आधी वर चढतो, वरच्या मजल्यावर जाऊन स्थिरावतो, आणि पलीकडून कोणी चायनीज जेवणाची ऑर्डर देऊ लागलं की दाणकन तळमजल्यावर येतो. 1976 च्या त्या सात प्रयोगांची ही पुढची आवृत्ती आहे असं मी म्हटलं तर कोणी मला वेड्यात काढेल, पण मी तसंच शिकवते.

मधे अजून एक फोन आहे. 1982, मायकेल फ्रेन यांचं 'नॉइजेस ऑफ', लंडनच्या लिरिक हॅमरस्मिथला. यात नाटकाच्या आत नाटक आहे. रूटलेजनी त्याच्या पहिल्या संचात डॉटी ऑटली केली, म्हणजे अशी एक नटी, जी आतल्या नाटकात मोलकरीण करते आहे. पडदा उघडतो तेव्हा तिच्या हातात सार्डिन माशांची बशी, आणि फोन वाजतो. बशी ठेवायची की न्यायची, रिसीव्हर जागेवर ठेवायचा की तसाच, वर्तमानपत्राचं काय, या गोंधळात तिची तालीम अडकते. वाचायला काहीच नाही. करायला गेलात तर कळतं की हातातल्या तीन वस्तू आणि तोंडातली वाक्यं यांचं गणित एका मात्रेनं चुकलं तर हशा मरतो. आणि इथे तर नटीनं 'चुकायचं' आहे, तेही रोज त्याच जागी. चुकणं बसवावं लागतं. हे ज्यांनी केलंय, त्यांच्यासाठी हायसिंथचं कुंपणावर पडणं हा डाव्या हाताचा मळ.

ते कुंपण जरा जवळून बघा, कारण शिकण्यासारखं फार आहे. हायसिंथची बहीण डेझी आणि मेहुणा ऑन्स्लो सरकारी वसाहतीत राहतात. अंगणात मोडकी गाडी पडलेली, तिच्यात कुत्रा. हायसिंथ येते, टोपी सरळ, हातमोजे, पर्स कोपराला. फाटक उघडते. कुत्रा भुंकतो. ती दचकून मागे कुंपणाच्या झुडपात जाते. प्रेक्षकाला पहिल्या दोन भागांनंतर ठाऊक असतं की कुत्रा आहे. तिलाही ठाऊक असायला हवं. तरी दर वेळी हशा येतो, का? कारण पडण्याच्या आधीच्या तीन पावलांत रूटलेज कधीही पडणार असल्याची चाहूल देत नाहीत. ती तीन पावलं पूर्ण खरी असतात, राजवाड्यात शिरणाऱ्या बाईची. आणि पडल्यानंतर ती सर्वांत आधी टोपी सावरते, अंग नंतर. लागलंय का यापेक्षा कोणी पाहिलं का याची काळजी. विनोद पडण्यात नाही, त्या क्रमात आहे.

मी हे एकदा स्वतः उलटं करून बसले होते. एका नाटकात गर्विष्ठ आत्याबाई करत होते, दुसऱ्या अंकात पाय घसरायचा होता. पहिल्या प्रयोगाला मोठा हशा आला. मग काय, पाचव्या प्रयोगापासून मी घसरायच्या आधीच डोळे मोठे करायला लागले. दहाव्याला हशा निम्मा, पंधराव्याला एक खोकला. दिग्दर्शक विंगेत येऊन एवढंच म्हणाले, "तुम्ही प्रेक्षकांना आधीच सांगताय." त्या रात्री घरी जाऊन रूटलेजचे भाग आवाज बंद करून पाहिले. तुम्हीही तसेच बघा. आवाज बंद केल्यावर ती मालिका विनोदी वाटतच नाही, कोणा सभ्य बाईवर येणाऱ्या संकटांची मालिका वाटते. तेच तिचं यश.

शेरिडनच्या फोनबद्दल बोलल्याशिवाय पुढे जाववत नाही. शेरिडन हा हायसिंथचा लाडका मुलगा, कॉलेजात. पाच पर्वं झाली तरी तो दिसत नाही, त्याचा आवाजही येत नाही. तो फक्त फोनवर, आणि बहुधा पैसे मागायला. म्हणजे तो मुलगा अस्तित्वात आहे तो फक्त रूटलेजच्या थांबण्यांत. मी कार्यशाळेत पहिल्याच दिवशी मुलांना फोनचा प्रवेश देते. दहातले नऊ जण पलीकडच्याला बोलायला वेळच देत नाहीत. वाक्य, अर्धा सेकंद, वाक्य. जणू पलीकडे रेकॉर्ड लागली आहे. रूटलेजच्या थांबण्यांची लांबी दर वेळी वेगळी. शेरिडननं छोटं काही सांगितलं तर छोटं, मोठं मागितलं तर आधी तिचा चेहरा हसरा राहतो, मग हसू तसंच राहून डोळे हिशोब करू लागतात, मग ती नवऱ्याकडे, रिचर्डकडे बघते. रिचर्ड करणारे क्लाइव्ह स्विफ्ट तोपर्यंत नुसत्या खांद्यांनी सांगतात की रक्कम कळली. मुलगा आपल्याला लपवून बरंच काही जगतो आहे हे प्रेक्षकाला कळतं, आईला कळत नाही, आणि आईला कळत नाही हे रूटलेज इतक्या मनापासून करतात की क्षणभर हसू थांबतं.

हे 'मनापासून' कुठून आलं, तर नाटककार अ‍ॅलन बेनेट यांच्याकडून. माझ्या मते रूटलेज यांचं सर्वांत मोठं काम हायसिंथ नाहीच.

1978 मध्ये त्यांनी बेनेटचं 'डोरिस अँड डोरीन' प्रुनेला स्केल्सबरोबर केलं, कचेरीतल्या दोन बायका. 1982 मध्ये 'अ वुमन ऑफ नो इम्पॉर्टन्स' केलं, एकटीनं, कॅमेऱ्याकडे बघत. कचेरीतली एक बडबडी, स्वतःला फार महत्त्वाची समजणारी बाई आजारी पडते, आणि बोलत बोलतच संपत जाते. दूरचित्रवाणीवर एकच माणूस इतका वेळ नुसता बोलतो आहे, असं कोण बघणार असं त्या वेळी वाटणं साहजिक होतं. लोकांनी पाहिलं. त्यातून 1988 ची 'टॉकिंग हेड्स' मालिका आली, आणि तिच्यात रूटलेजच्या वाट्याला आलं 'अ लेडी ऑफ लेटर्स'.

आयरीन रडक नावाची एकटी बाई. खिडकीत बसते, रस्त्यावर लक्ष ठेवते, आणि पत्रं लिहिते. तक्रारीची. नगरपालिकेला, दुकानाला, धर्मगुरूला, पोलिसांना. अशी एक तरी व्यक्ती प्रत्येक सोसायटीत असते, सूचनाफलकाजवळ राहणारी. पहिली दहा मिनिटं तुम्ही हसता. मग समोरच्या घरातल्या जोडप्याविषयी ती लिहिते की ते मुलाकडे दुर्लक्ष करून भटकतात. आणि मग कळतं की ते मूल कर्करोगानं गेलं, आईबाप रोज इस्पितळात जात होते. या जागी रूटलेज काय करतात? काहीच नाही. चेहरा पडत नाही, डोळे भरत नाहीत, आवाज कापत नाही. वाक्याचा वेग तेवढा एक सुतभर कमी होतो. पुढचं वाक्य पुन्हा नेहमीच्या वेगात. त्या एक सुतात सगळी बाई आहे. पुढे तिला तुरुंगवास होतो, आणि तिथे, चोर-वेश्यांच्या संगतीत, ती आयुष्यात पहिल्यांदा सुखी होते. तेही तिच्या चेहऱ्यावर कुठून येतं बघा. मी दहा-बारा वेळा पाहून मला अजून सापडलेलं नाही.

दोनच वर्षांनी हायसिंथ. आयरीन आणि हायसिंथ शेजारी ठेवून बघा: एकाच मातीच्या आहेत. दोघींना जग आपल्या शिस्तीत हवं आहे. दोघींना आतून भीती आहे की कोणीतरी आपल्याला खालचं समजेल. बेनेटनं ती भीती उघडी केली, लेखक रॉय क्लार्क यांनी मालिकेत ती फुलाफुलांच्या पोशाखात झाकली. मालिकेच्या लेखनात दर भागाला तेच प्रसंग फिरून येतात हे मान्य. शेजारीण एलिझाबेथच्या हातातला कप थरथरणार, तिचा भाऊ एमेट हायसिंथच्या गाण्याच्या भीतीनं पळणार. एलिझाबेथ करणाऱ्या जोसेफीन ट्यूसन यांनी तो कप काय हलवलाय! पण तेच तेच 44 भाग टिकलं, कारण मध्यभागी बसलेली बाई एकदाही 'मी किती हास्यास्पद आहे बघा' असं म्हणत नाही.

आणि एमेटच्या कानावर आदळणारं ते गाणं. इथे गळ्याची तालीम कामाला आली. बेसुऱ्या माणसाला बेसूर गाता येत नाही, तो फक्त चुकतो. सुरेल माणसाला नेमका किती श्रुती वर जायचं, कोणत्या स्वराला लाडानं लोंबकळायचं, श्वास कुठे संपू द्यायचा, हे ठरवता येतं. हायसिंथ गाते तेव्हा सूर फारसे चुकतही नाहीत. चुकतो तो आव. छोट्या दिवाणखान्यात ती ऑपेरा हाउस भरायला निघते. ज्या बाईला खरं ऑपेरा हाउस भरता येतं, तिलाच ही मापं कळणार.

विश्वास बसत नसेल तर तारखा जुळवा. 1988 मध्ये, म्हणजे आयरीनच्याच वर्षी, रूटलेज लंडनच्या ओल्ड व्हिकला 'कँडीड' ही संगीतिका करत होत्या. त्यातली म्हातारी, जिचा एक कुल्ला वेढ्यातल्या उपासमारीत कापून खाल्ला गेलाय आणि जी ते अभिमानानं सांगते. संगीत परत लेनर्ड बर्नस्टाइनचंच. बारा वर्षांपूर्वी ज्याच्या नाटकाबरोबर त्या सात प्रयोगांत बुडाल्या, त्याच्याच सुरांवर त्यांनी लंडनच्या रंगभूमीचा ऑलिव्हिए पुरस्कार घेतला. आणि 1992 मध्ये, हायसिंथ म्हणून घराघरात पोचल्यावर, त्या नॅशनल थिएटरमध्ये 'कॅरोसेल'मधली नेटी करायला गेल्या. 'यू विल नेव्हर वॉक अलोन' हे गाणं त्या भूमिकेचं. लिव्हरपूलचं फुटबॉल मैदान हे गाणं प्रत्येक सामन्याला गातं, तुमच्या घरातल्या पोरांना विचारा. नदीच्या पलीकडच्या काठावरची मुलगी ते गाणं लंडनच्या रंगमंचावर गात होती, आणि प्रेक्षकांत बसलेल्या कितीतरी लोकांना तोवर वाटत असणार की या बाईला गाताच येत नाही.

छाप बसण्याचा तुमचा प्रश्न इथेच सुटतो. त्या एका बाईत अडकल्या नाहीत, कारण ती बाई चालू असतानाही त्यांनी रंगमंच सोडला नाही. आणि तिच्या आधीही एका साच्यात बसल्या नव्हत्या: 1984 मध्ये रॉयल शेक्सपिअर कंपनीत 'रिचर्ड तिसरा'मध्ये शाप देणारी राणी मार्गारेट, समोर अँटनी शेर. लगेच पुढच्या वर्षी विनोदी अभिनेत्री व्हिक्टोरिया वुड यांच्या कार्यक्रमात किटी: चीडलची एक अविवाहित बाई, खुर्चीवर बसून कॅमेऱ्याशी गप्पा मारते, विषयाचा पत्ता नाही, आत्मविश्वास अमाप. तीन-चार मिनिटांचे तुकडे आहेत, नक्की बघा, विरामचिन्हांचा अभ्यास म्हणून बघा. किटी, आयरीन, हायसिंथ, तिघी इंग्लंडच्याच, पण तिघींची बोली वेगळी. सांगलीची, नगरची आणि परभणीची काकू एकाच आवाजात केल्या तर आपला प्रेक्षक जसा हसेल, तसाच तिकडचाही हसतो.

आणि सोडायचं कधी हेही त्यांना कळलं. 1995 च्या नाताळात त्यांनी स्वतःहून हायसिंथ बंद केली. मालिका जोरात होती. बीबीसीची परदेशी सर्वाधिक विकली गेलेली मालिका म्हणून पुढे तिचं नाव झालं, जवळपास हजार वेळा ती वेगवेगळ्या देशांच्या वाहिन्यांना विकली गेली. तरी बंद. पुढच्याच महिन्यात, जानेवारी 1996 ला, 'हेटी वेनथ्रॉप इन्व्हेस्टिगेट्स' सुरू: लँकाशरमधली साठीची गृहिणी, हातात पिशवी, पेन्शनवर घर आणि फावल्या वेळात गुन्ह्यांचा तपास. साधा कोट, साधा आवाज, कुठलाही आव नाही. ज्या प्रेक्षकाला पाच वर्षं एक बाई दाखवली, त्याच्याच समोर तिची उलटी बाई उभी केली, आणि ती चार पर्वं चालली. मदतनीस पोरगा डॉमिनिक मोनाहन, जो पुढे 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये गेला. 1998 मध्ये पुन्हा बेनेट, 'मिस फोझर्ड फाइंड्स हर फीट'. त्याविषयी मी काही सांगत नाही. घरातली मंडळी झोपल्यावर बघा.

ब्रिटनचे राजसन्मान: ओबीई 1993, सीबीई 2004, आणि 2017 मध्ये डेम. लग्न केलं नाही. चिचेस्टरला राहिल्या, तिथल्या फेस्टिव्हल थिएटरशी जुनं नातं. ऐंशी ओलांडल्यावर त्या 'अ‍ॅडमिशन: वन शिलिंग' हा कार्यक्रम घेऊन दौरे करत होत्या. दुसऱ्या महायुद्धात बाँब पडत असताना पियानोवादक मायरा हेस यांनी लंडनच्या नॅशनल गॅलरीत दुपारच्या मैफली चालवल्या होत्या, त्यांची गोष्ट. बाजूला पियानोवर पिअर्स लेन, इकडे रूटलेज बोलणार. त्या वयात पाठांतर, आवाज आणि प्रवास, तिन्ही. 3 ऑक्टोबर 2025 ला त्या गेल्या, वय 96.

आता तुमची खाष्ट काकू. घ्या. 41 व्या वर्षी काकू विचारतायत म्हणून वाईट वाटून घेऊ नका, आपल्या धंद्यात ती बढती आहे. फक्त दोन गोष्टी करारात नाही तर स्वतःशी ठरवा. मालिकेच्या तारखांमधून वर्षाला एक तरी नाटक निघालं पाहिजे, स्पर्धेचं असलं तरी चालेल, आणि त्यात काकू नको. दुसरं, मालिकेत आठवड्याला पाच-सहा भाग पडतात, संहिता कधी सेटवरच हातात येते, रूटलेजना मिळाली तशी तालीम तुम्हाला मिळणार नाही. पर्वाला सहा ते दहा भाग, आठवडाभर तालीम आणि मग प्रेक्षकांसमोर चित्रण, ही चैन तिकडची. तेव्हा काकूचा आवाज, चाल आणि ती घाबरते कशाला, एवढं पहिल्या दिवसाआधी घरी बसवून जा. खाष्टपणा लेखक लिहितोच आहे, तो तुम्ही वेगळा घालू नका. ती कोणासमोर आवाज चढवते यापेक्षा कोणाचा फोन आला की पदर सारखा करते, ते शोधा.

पहिल्या आठवड्यात फोनचा प्रवेश आलाच तर कळवा. पलीकडची वाक्यं मी बोलते, तुम्ही नुसतं ऐका, तसा दोनदा बसवू. मग मी फोन ठेवते, आणि तुम्ही एकट्या करून दाखवा.